रान राखायची माझी योजना

३० ऑगस्ट, शनिवार. दुपारी ३.
गावचं घर. गणपती. मोदक अकरा. (मी मोजले नव्हते, सुनेत्रानं मोजले.)

जेवणं झाल्यावर पुतण्या शौनकनं विषय काढला. घरामागचं आमचं रान, तीन एकर, सातबाऱ्यावर तो आणि मी. म्हणाला, लाकडाच्या ठेकेदाराला देऊन टाकू आणि मोकळ्या जागेत काजू लावू. शेजारच्या आप्पांनी त्यांचं रान दिलंसुद्धा, फेब्रुवारीत तोड आहे. मी ताडकन उठलो. पायाला मुंग्या आल्या होत्या, पण उठलो हे खरं. म्हटलं, ऐन, किंजळ, जांभूळ, बेहडा, हे काय नुसतं लाकूड आहे? सुनेत्रा म्हणाली, लाकूडच आहे, पण उभं आहे तोवर झाड म्हणतात. ती माझ्या बाजूनं होती की नाही, कळलं नाही.

शौनक मुंबईत वाढला तरी मुलगा सरळ आहे. म्हणाला, काका, विकायची मला हौस नाही, पण त्या रानाचं आपण करतो काय ते सांगा. नुसतं पडलंय. शिमग्याला येईन तेव्हा काहीतरी दाखवा. नाही जमलं तर मुकाट सही करायची. मी गणपतीसमोर शब्द दिला. बत्तीस वर्षं बँकेत काढली, त्यातली अकरा शाखाधिकारी म्हणून. झाडं सांभाळणं त्यापुढे काहीच नाही. झाडं संपावर जात नाहीत.

१ सप्टेंबर, सोमवार. मांडवी, रत्नागिरी.
परत घरी. आजपासून मी रानाचा माणूस. खरेदी: गमबूट, हॅट, शिट्टी, दोनशे पानी वही. शिट्टी कशाला, असं सुनेत्रानं विचारलं. रानात लागते. ऐकणार कोण, असं तिनं विचारलं. मी हॅट घालून पाहिली. मग तिनं विचारलं, तुम्ही रानात शेवटचे कधी गेला होतात? बदलीची नोकरी होती, एवढंच म्हणालो. (लग्नाआधी.)

१४ सप्टेंबर, रविवार.
पहिली पाहणी. सोबत सदू. सदू वाडीतला, माझ्याच वयाचा, जन्म आमच्या रानात गेला, त्यामुळे शास्त्रीय ज्ञान शून्य. मी झाडांचे फोटो काढून अ‍ॅपवर टाकत होतो. अ‍ॅपनं किंजळीला दोनदा पेरू म्हटलं. सदू म्हणाला, किंजळ. मी वहीत 'पेरू?' लिहून ठेवलं.

दमून एका फांदीला टेकलो तर तिथं ओंबील. म्हणजे त्या तांबड्या मुंग्या, पानं चिकटवून घरटं करतात त्या. शर्ट काढावा लागला. सदूनं पाठ झाडून दिली. हसला नाही, निदान समोर तरी.

निरीक्षण: रानात फार गचपण. पायाखालचं काही दिसत नाही. वेली मनाला येईल तशा वर गेल्यात. शिस्त म्हणून नाही. आमच्या आणि आप्पांच्या रानामधला दगडांचा गडगा निम्मा ढासळलाय. असं अजागळ रान शौनकला दाखवलं तर दुसऱ्या दिवशी ठेकेदार दारात. आधी स्वच्छता.

२ ऑक्टोबर, गुरुवार.
दसरा आणि गांधी जयंती एकाच दिवशी. याहून चांगला मुहूर्त कुठला?

आमच्या ज्येष्ठ नागरिक मंडळाचे चौदा सभासद, एक टेम्पो, एक बॅनर, दोन पिशव्या वडापाव. तीन तासांत वेली कापल्या आणि झाडांखालचं सगळं उपटलं. रान लग्नाच्या हॉलसारखं दिसायला लागलं, आरपार. गडग्याचे पडलेले दगड उचलून मध्ये गोल मांडले. बसायला 'निसर्गकट्टा'. दगड कमी पडले म्हणून उभा होता तो गडगाही काढला. तसाही काही कामाचा नव्हता, एक बेडूक तेवढा निघाला.

तेवढ्यात चिमा आली. सदूची बायको. रानाच्या पायथ्याला झरा आहे, वाडीचं उन्हाळ्यातलं पाणी त्याच्यावर. तिकडे हंडा घेऊन चालली होती. उपटलेल्या ढिगापाशी बसली. म्हणाली, भाऊ, ही रातांब्याची पोरं, ही जांभळीची, ही ऐनाची, चार-चार वर्षांची झाली होती. मी समजावलं की मोठ्या झाडांना मोकळी हवा लागते. म्हणाली, मोठी म्हातारी झाल्यावर मग कोण? म्हटलं, नवीन लावू की. तिनं ढिगातली दहा-बारा रोपं उचलून हंड्यात घातली आणि तशीच मागे फिरली. पाणी न भरताच. विसरली असेल.

५ ऑक्टोबर, रविवार.
कंबर. पेपरात फोटो आलाय. बॅनर अगदी स्पष्ट. बॅनरच्या मागे मी आहे.

९ नोव्हेंबर, रविवार.
चिमाला दिलेला शब्द पाळला. नर्सरीतून पंचवीस रोपं आणली. मी देशीच मागितली होती. नर्सरीवाला म्हणाला, देशी झाडं सावकाश वाढतात, शिमग्यापर्यंत डोळ्यांत भरायला हवं असेल तर अकेशिया न्या. डोळ्यांत भरायला हवंच होतं. झाड ऑस्ट्रेलियाचं आहे म्हणतात. असू दे, बटाटा तरी कुठे आपला आहे.

सदूनं विचारलं, भाऊ, पाऊस संपल्यावर लावताय? म्हटलं, पावसात फार चिखल होतो.

३० नोव्हेंबर, रविवार.
पंचवीसच्या पंचवीस गेली. काही डुकरांनी उकरली, बाकीची आपली आपण. मात्र ओळीच्या टोकाला एक रोप टवटवीत. जवळ जाऊन पाहिलं तर रातांबा, म्हणजे आपलं कोकम. चिमानं परत आणून खोचलेल्यांपैकी. म्हणजे रानात एक तरी नवीन रोप जगलं. एकूणात वृक्षारोपण यशस्वी.

घरी आल्यावर सुनेत्रानं विचारलं, किती जगली? म्हटलं, समाधानकारक.

१४ डिसेंबर, रविवार.
खरा रोग सापडला. माणसं.

हिवाळा लागला की वाडीतले लोक कोयती घेऊन ऐन-किंजळीवर चढतात आणि फांद्या उतरवतात. त्याला कवळ म्हणतात. ती वाळवायची, उन्हाळ्याच्या शेवटी भाताची रोपं करायच्या जागेवर पसरायची आणि जाळायची. सगळे पूर्वापार करत आले म्हणे. बाबाही करू देत. म्हणून मीही करू द्यायचं? बँकेत खातेवह्या पूर्वापार होत्या, त्यासुद्धा गेल्या.

बोर्ड लावला. 'या रानात कवळ तोडणे, पाला गोळा करणे, गुरे चारणे व विनाकारण फिरणे यास सक्त मनाई आहे. हुकुमावरून.' सदू बराच वेळ बोर्डासमोर उभा होता. वाचायला एवढा वेळ लागू नये. मग म्हणाला, भाऊ, मग रानात येणार कोण? म्हटलं, कोणीच नाही, अरे तेच तर करायचंय. त्यानं कोयती कमरेला अडकवली आणि उतरला. चिमाला झऱ्यावर जायला खालच्या पाखाडीची, म्हणजे पायऱ्यांच्या वाटेची, परवानगी ठेवली. मी काही दुष्ट नाही.

नंतर कट्ट्यावर वीस मिनिटं बसलो. चिटपाखरू फिरकलं नाही. बंदोबस्त पक्का.

११ जानेवारी, रविवार.
मोजलं नाही ते आपलं नाही, हे बँकेत शिकलो. म्हणून कालपासून वृक्षगणना. बाल्कनीच्या ग्रिलला आणलेला लाल ऑइलपेंट अर्धा डबा उरला होता. प्रत्येक मोठ्या झाडाची साल छातीच्या उंचीवर थोडी खरवडायची, तिथं नंबर टाकायचा, खाली रेघ. आप्पांच्या बाजूनं सुरुवात केली, कारण तिकडे सपाट आहे. एकशे छत्तीस झाडं. अक्षर पहिल्यापासून चांगलं. लांबून वाचता येतात.

वाटेत आप्पा भेटले. माझ्या हातातला ब्रश पाहून म्हणाले, अरे वा, तुझंही दिलंस वाटतं. काय दिलं ते कळलं नाही. त्यांचं वय झालंय. मान हलवली आणि निघालो.

सुनेत्रा पँटवरच्या डागांवरून बोलली. लोकांच्या नवऱ्यांच्या पँटवर बागेतला चीक असतो, म्हटलं, तुझ्या नवऱ्याच्या पँटवर जंगल आहे.

२५ जानेवारी, रविवार.
'रान व्यवस्थापन आराखडा' तयार. बेचाळीस पानं, स्पायरल बाइंडिंग, कव्हरवर मी आणि निसर्गकट्टा. सुनेत्राला वाचायला दिला. तिनं परत देताना एकच विचारलं, यात सदू कुठे आहे? म्हटलं, पान एकोणतीस, 'स्थानिक उपद्रव'. ती चष्मा पुसत बसली.

मंडळानं अठरा फेब्रुवारीला माझं व्याख्यान ठेवलंय. विषय: 'रान राखावे कसे.'

१८ फेब्रुवारी, बुधवार. सकाळी ८.
अकराला व्याख्यान. झब्बा इस्त्री. खोकला किंचित, मधाचं चाटण घेतलं. फोन सायलेंटवर टाकला. व्याख्यानात दुसऱ्यांचे फोन वाजलेले मला खपत नाहीत, तर आपला कसा वाजू द्यायचा.

त्याच दिवशी. संध्याकाळी ६.
व्याख्यान उत्तम. 'माणूस बाहेर, रान आत' या वाक्याला टाळ्या. शाल, श्रीफळ. एकानं विचारलं, राखण कोण करतं? म्हटलं, व्यवस्था. तीनला घरी येऊन जरा आडवा झालो. पाचला फोन पाहिला. सदूचे एकोणीस कॉल. अभिनंदनाचे असावेत असं पहिल्यांदा वाटलं. पण सदूला व्याख्यानाचं सांगितलंच नव्हतं.

फोन लावला. सदू म्हणाला, भाऊ, तुमच्या रानात तोड चाललीवती. आता थांबलीय. तुम्ही या.

१९ फेब्रुवारी, गुरुवार.
पहिल्या एसटीनं गेलो.

आप्पांच्या रानात ठेकेदाराची माणसं काल सकाळपासून मशीन घेऊन तोडत होती. बाहेरगावची. तोडायच्या झाडांवर नंबर टाकलेले असतात, ती बघायची आणि पाडायची, एवढंच त्यांना ठाऊक. आप्पांची झाडं तोडत तोडत पुढे सरकली. मध्ये गडगा नव्हता. पुढे लाल नंबर, एकपासून. तोडली. एक, दोन, तीन, ओळीनं. सतरापर्यंत.

मुकादम सभ्य माणूस. म्हणाला, साहेब, नंबर इतके स्वच्छ होते की शंकाच आली नाही, आमच्या पोरांना सुद्धा असे जमत नाहीत. आणि म्हणाला, दर वर्षी या दिवसांत रानात वाडीची माणसं कवळीला असतात, हद्द तेच दाखवतात. यंदा हाक मारली तर कोणी ओ देईना.

थांबवलं चिमानं. झऱ्यावर होती. मशीनचा आवाज जवळ आला तशी हंडा टाकून वर चढली. बोर्डाकडे न बघता आत शिरली आणि अठरा नंबरच्या ऐनाला पाठ लावून बसली. मग वाडीतल्या आणखी सहा बायका येऊन बसल्या. मुकादमानं मशीन बंद केलं. चिमानं त्याला सांगितलं, हे रान दिलेलं नाही. तो म्हणाला, मग नंबर कोणी टाकले? हे तिनं मला सांगितलं आणि माझ्याकडे पाहत राहिली. तिला ठाऊकच होतं.

सतरा खुंट बघितले. सात ऐन, सहा किंजळी, तीन जांभळी, एक बेहडा. ऊन थेट जमिनीवर पडलंय. जमिनीवर काहीच नाही, कारण ते मी ऑक्टोबरमध्येच उपटलं. लाज वाटली. ही वही मीच वाचणार, तेव्हा लिहायला हरकत नाही.

२२ फेब्रुवारी, रविवार.
शांतपणे विचार केला. दोष कोणा एकाचा नाही. ठेकेदाराच्या माणसांनी कागद बघायला हवा होता. आप्पांनी त्या दिवशी नीट खुलासा करायला हवा होता. सदूनं बोर्ड वाचून तोंड उघडायला हवं होतं. इथपर्यंत लिहून सुनेत्राला वाचून दाखवलं. ती म्हणाली, सदूनं उघडलं होतं की. रानात येणार कोण, म्हणून विचारलं होतं ना तुम्हाला? तुम्हीच मला हसत सांगितलंत.

अठ्ठ्याण्णव टक्के रान शाबूत आहे. (सुनेत्रानं हिशेब तपासला. सत्त्याऐंशी.)

२७ फेब्रुवारी, शुक्रवार.
शौनकचा फोन. ठेकेदारानं चूक कबूल केली, ओंडके आपल्याच अंगणात आणून टाकतोय. पण तो असंही म्हणाला की आता सुरुवात झालीच आहे तर उरलेलं रान घ्यायला तयार आहे. शौनक म्हणाला, काका, शिमग्याला बोलू. त्याचा आवाज रागावलेला नव्हता. रागावलेला बरा झाला असता.

आराखड्यात दोन पानं वाढवली. 'अनपेक्षित विरळणीचे फायदे.' संध्याकाळी फाडली.

५ मार्च, गुरुवार. गाव.
शिमगा. पालखी काल आमच्या अंगणात नाचून गेली. आज सकाळी ओटीवर बैठक. शौनक, सुनेत्रा, मी. सदू आणि चिमा पायरीवर बसले होते, शौनकनं त्यांना वर घेतलं.

मी आराखडा उघडला. प्रस्तावना वाचली. तिसऱ्या पानावर शौनक म्हणाला, काका, एक मिनिट, आणि चिमाला म्हणाला, मावशी, मला रान दाखवता? दोघं गेली. मी गमबूट घालेपर्यंत दिसेनाशीही झाली. तासभर ओटीवर बसून होतो. सुनेत्रा शेजारी येऊन बसली. म्हटलं, सही करावी लागणार. मला रडू येतंय की काय असं वाटलं, आणि आलंच. बाबांच्या रानातलं झाड मला एकही धड ओळखता येत नाही, पण ते तोडलेलं मला नको आहे, एवढं मी तिला सांगितलं. ती म्हणाली, हे बेचाळीस पानांत कुठेच नव्हतं.

शौनक घामानं निथळत आला. झऱ्यावर पाणी पिऊन आला होता. म्हणाला, मार्चमध्ये एवढं पाणी? चिमा म्हणाली, वर रान आहे तोवर. पस्तीस घरं आहेत खाली. ठेकेदाराला नाही म्हणून कळवतो, शौनक म्हणाला. मग कागद घेतला आणि लिहायला बसला.

पहिलं: पंधरा वर्षं एकही झाड विकायचं नाही. दुसरं: कवळ वाडीनं पूर्वीसारखी तोडायची, दर वर्षी एकच बाजू, बाकीच्यांना विसावा. गडगा वाडी परत घालणार, वणव्यावर नजर त्यांचीच. मला वाटलं, आता देखरेखीला अध्यक्ष लागेल. मी जरा सरळ बसलो.

तिसऱ्याला शौनकचं पेन थांबलं. त्यानं चिमाकडे पाहिलं. चिमानं सदूकडे. सदू कौलं मोजत होता. शेवटी चिमाच म्हणाली, भाऊ, राग मानू नका. तुम्ही रानात यायचं नाही. खुंट फुटून वर येईपर्यंत तरी.

फुटतात का खुंट, मी विचारलं. ऐन फुटतो, किंजळ फुटते, म्हणाली. पंधरा वर्षांत परत सावली धरतात. कोणी काही केलं नाही तर.

सगळे माझ्याकडे बघत होते. बोलण्यासारखं पुष्कळ होतं. शौनक हळूच म्हणाला, काका, नको असेल तर हे कलम काढतो. म्हटलं, राहू दे. पेन घेतलं आणि सही केली, शाखाधिकारी असताना करायचो तशी, संपूर्ण नाव. ऑगस्टपासून रानासाठी इतकं काही केलं, त्यात रानाच्या कामाचं हे एकच, आणि त्याला अर्धं मिनिटही लागलं नाही.

सुनेत्रानं माझ्या मांडीवरची फाईल उचलून आत नेली. चिमानं विचारलं, भाऊ, चहा घ्याल ना? घेतला.